पाकिटातलं फुकट खेळणं

प्रश्न: ताई, माझा मुलगा सहा वर्षांचा आहे, कार्टून बघताना जाहिरात लागते आणि मग खाली वाण्याकडे गेलं की त्या पाकिटातल्या फुकट खेळण्यासाठी भोकाड पसरतो, खाऊ निम्मा टाकून देतो, वर म्हणतो "तू चांगली आई नाहीस". याला काही नियमबियम आहेत की नाही?
– एक आई, भांडुप

उत्तर: आहेत की! केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने जून २०२२ मध्ये गाइडलाइन्स काढल्यात, मुलांना थेट 'आईबाबांकडे हट्ट करा' असं सांगायचं नाही, चिप्स-कोल्ड्रिंकच्या जाहिराती खास मुलांच्या चॅनेलवर नकोत वगैरे. पण फुकट खेळण्यांबाबत भाषा एकदम मवाळ, बंदी नाहीच, आणि सगळी गोम तिथेच आहे असं मला वाटतं. स्वीडनमध्ये बारा वर्षांखालच्या मुलांसाठी टीव्हीवर जाहिरातच करता येत नाही (तिकडची पोरं हट्ट करत नसतील असं नाही हं!). "चांगली आई" हे जाहिरातीतल्या हसऱ्या आईकडून आलेलं दिसतंय, मनाला लावून घेऊ नका. एखादी जाहिरात फारच खटकली तर १९१५ या ग्राहक हेल्पलाइनला कळवा. आणि वाण्याला सांगा, ती पाकिटं गल्ल्यासमोरून उचलून वरच्या फळीवर ठेव म्हणून, रोजचं गिऱ्हाईक आहात, ऐकेल तो.