परस्परांत गुंतलेल्या चिन्हांवर चालणारी काल्पनिक जादू विश्वसनीय कशी करावी?

आपल्या कादंबरीतील जादू एकमेकांत गुंतलेल्या चिन्हांवर चालते, चिन्हांची संख्या दोनशेच्या घरात गेली आहे आणि तरीही वाचणाऱ्यांना ती मनमानी वाटते, तर काय करावे, असे आपण विचारले आहे. माझे मत असे आहे की चिन्हे कमी करावीत आणि अर्थाचा भार चिन्हांवरून त्यांच्या सांध्यांवर न्यावा. दोनशे चिन्हांच्या जोड्या १९,९०० होतात. त्या सगळ्यांचे परिणाम लेखकाच्याही लक्षात राहणार नाहीत, मग वाचकाची काय कथा! नऊ चिन्हांच्या जोड्या केवळ ३६ होतात. सांधण्याचे दोन-तीनच प्रकार पक्के ठरवले, तर तेवढ्यातून पुष्कळ मोठे जग उभे राहते.

मी नाशिकचा असल्यामुळे उदाहरण इथल्याच त्रिरश्मी डोंगरावरचे देतो. ज्यांना आपण पांडवलेणी म्हणतो, त्यांतील दहाव्या लेण्यात क्षत्रप घराण्यातील राजा नहपान याचा जावई उषवदात याचे ब्राह्मी लिपीतील दानलेख आहेत. त्यांत कार्षापण नाण्यांच्या रकमा आहेत, नारळाच्या आठ हजार झाडांचा उल्लेख आहे आणि सत्तर हजार कार्षापण म्हणजे दोन हजार सुवर्ण, म्हणजे सोन्याची नाणी, असा हिशेबही आहे. त्या अंकलेखनात शून्य नव्हते आणि अंकाची किंमत त्याच्या स्थानावरून ठरत नव्हती. हजारासाठी एक स्वतंत्र चिन्ह होते. आठ हजार लिहायचे असतील तर त्या चिन्हाच्या अंगालाच आठाचे चिन्ह जोडत आणि सत्तर हजारांसाठी सत्तराचे. याउलट लेखातील ४२ हे वर्ष लिहिताना चाळिसाचे चिन्ह आणि त्यापुढे दोनाचे चिन्ह अशी दोन्ही सुटीच मांडत. म्हणजे चिन्ह जोडले की गुणाकार आणि शेजारी ठेवले की बेरीज. चिन्हे तीच राहतात, परंतु त्यांच्यातील नाते बदलले की किंमत कुठल्या कुठे जाते.

हाच नियम जादूला लावून पाहावा. आपल्याकडे ‘अग्नी’ आणि ‘वाट’ अशी दोन चिन्हे आहेत असे समजू. ती शेजारी काढली तर आग पेटेल आणि वाटही दिसेल, दोन्ही गोष्टी आपापल्या जागी घडतील. ती एकमेकांना जोडली तर आग वाटेवरून चालू लागेल. वाचकाला हा फरक एकदा प्रसंगातून दाखवला की पुढच्या प्रसंगात तो स्वतःच अंदाज बांधू लागतो, आणि जादू मनमानी वाटणे तिथेच थांबते. सांध्याला क्रमही असावा. आपल्या लिपीत क, र आणि म यांच्यापासून ‘कर्म’ही होते आणि ‘क्रम’ही, जोडाक्षरात र आधी आला (र्म) तर तो माथ्यावर चढतो आणि नंतर आला (क्र) तर पायाशी जातो. त्याच न्यायाने ‘वाट’ आधी आणि ‘अग्नी’ नंतर काढल्यास आग चालण्याऐवजी वाटच जळून जावी.

आता शक्ती या आकृतीतून वाहते कशी, हा प्रश्न उरतो, आणि मला सर्वांत जास्त आवडणारा भाग हाच आहे. लिओनार्ड ऑयलर या गणितज्ञाने कोनिग्सबर्ग शहरातील सात पुलांच्या कोड्यावरून १७३६ मध्ये असे दाखवले की, एखादी सलग आकृती हात न उचलता आणि एकही रेघ न गिरवता काढता येईल की नाही, हे तिच्यात विषम बिंदू, म्हणजे विषम संख्येने रेघा जिथे मिळतात असे बिंदू, किती आहेत यावर ठरते. असा बिंदू एकही नसेल किंवा नेमके दोन असतील, तरच ती काढता येते. हा सिद्धान्त जसाच्या तसा आपल्या जगाचा नियम करावा, असे मी आग्रहाने सुचवतो. ज्या आकृतीत विषम बिंदू नाही, तिच्यात शक्ती आतल्या आत फिरत राहते. ती झाली संरक्षक चौकट. दोन विषम बिंदू असतील तर शक्ती एकातून शिरते आणि दुसऱ्यातून बाहेर पडते. ती झाली कृती करणारी आकृती. चार असतील तर एका हाताचे काम नव्हे, दोघांनी दोन टोकांपासून एकाच वेळी रेघ ओढली पाहिजे. इथे आपोआप गुरू-शिष्य येतात, जोडीदार येतात आणि विश्वासघातही येतो.

त्याहून महत्त्वाचे म्हणजे, कोणत्याही आकृतीतील विषम बिंदूंची संख्या नेहमी समच असते, कारण प्रत्येक रेघेला दोन टोके असतात. एकच उघडे टोक असलेली आकृती जगातला कोणताही मांत्रिक काढू शकत नाही. त्यामुळे प्रत्येक कृतीला परिणामाच्या टोकाबरोबर घेण्याचेही टोक असणारच, आणि ते टोक कुणाच्या अंगणात, कुणाच्या शेतात किंवा कुणाच्या देहावर ठेवायचे, यावर आपली कथा उभी राहू शकते. जादूची किंमत वेगळी कल्पून वरून चिकटवावी लागत नाही. युद्धाचे डावही यातूनच निघतात: संरक्षक चौकटीतील एक रेघ पुसली की त्या रेघेचे दोन्ही बिंदू विषम होतात आणि शत्रूला कुठून शिरायचे ते नेमके कळते, उलट, कृती करणाऱ्या आकृतीची दोन टोके एका जादा रेघेने जोडली की शक्ती आत कोंडली जाते.

पूजेतील यंत्रे किंवा सणावारी दारात काढली जाणारी शुभचिन्हे मात्र थेट उचलू नयेत, असे मला मनापासून वाटते. लोक ती आजही श्रद्धेने वापरतात, आणि वाचकाच्या मनात त्यांचे अर्थ आधीच ठरलेले असल्यामुळे आपल्या नियमांना जागा उरत नाही. आपली नऊ चिन्हे साधी, तीन-चार रेघांत संपणारी आणि प्रत्येकी दोन किंवा तीन ठिकाणीच सांधता येतील अशी घ्यावीत. पुढचे प्रकरण लिहिण्याआधी त्यांच्या ३६ जोड्यांचा तक्ता वहीत मांडावा, प्रत्येक जोडीपुढे सुटा आणि जोडलेला असे दोन अर्थ लिहावेत, जोडलेल्या अर्थात दोन्ही क्रम नोंदवावेत, आणि जिथे अर्थ सुचत नाही तिथे ‘ही चिन्हे सांधत नाहीत’ अशीच स्पष्ट नोंद करावी.