मनात पहिला शेरा वाईटच येतो, काय करू?

“माणूस समोर आला की मी मनातल्या मनात त्याला नावं ठेवते. मी मुळातच वाईट आहे का?” बँकेत कॅश काउंटरवर बसणाऱ्या, समुपदेशनाला आलेल्या चाळिशीतल्या एका बाईंचा हा प्रश्न. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) शाखेत नव्याने आलेल्या मुलीने एकदा त्यांच्या ‘गुड मॉर्निंग’ला मान वर केली नाही. शेरा तयार: ‘शिष्ट’. मग डब्याला तिला हाक मारणं बंद झालं, कामाचंही विचारलं तरच सांगायचं. तीही तुटक वागू लागली आणि बाईंना पुरावा मिळाला! तो त्यांनीच घडवला होता, हे त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

वागण्यावरून स्वभाव ठरवणं आपोआप होतं. परिस्थिती जमेस धरून ते मत दुरुस्त करायला मात्र लक्ष मोकळं लागतं. मानसशास्त्रज्ञ डॅनियल गिल्बर्ट आणि सहकाऱ्यांनी १९८८ साली लोकांना एका अस्वस्थ बाईचे आवाज बंद केलेले व्हिडिओ दाखवले. ती अवघड, खासगी विषयांवर बोलते आहे, हे पडद्यावर लिहिलेलं होतं. नुसतं बघणाऱ्यांनी ते ध्यानात घेतलं. ज्यांना ते विषय पाठ करायला सांगितले होते, त्यांनी मात्र तिला स्वभावानेच घाबरट ठरवलं. गंमत म्हणजे कारण त्यांना तोंडपाठ होतं!

म्हणून प्रश्न चांगल्या-वाईटाचा कमी, वेळेचा जास्त. बाईंना दोन आठवडे वहीत नोंद करायला सांगितली: वेळ, कॅमेऱ्यात दिसलं असतं तेवढंच, आणि मग शेरा. पहिल्या नोंदीत ‘तिने तोंड फिरवलं’ असं होतं. ते खोडून ‘ती स्क्रीनकडे बघत होती’ असं लिहायलाच दहा मिनिटं गेली. वही भरल्यावर दिसलं की बहुतेक शेरे काउंटरवरच्या गर्दीतले, नाहीतर रोकड जुळवतानाचे होते.

मग एकच नियम ठरवला, तोही नेमक्या शब्दांत: ‘रोकड जुळवताना कुणाचा राग आला, तर निकाल उद्या चहाच्या वेळी.’ ‘मी समजूतदार वागेन’ असला मोघम निश्चय ऐन घाईत आठवतच नाही. उरलेली शंका साध्या प्रश्नाने विचारायची: “सकाळी गडबडीत होतीस का?” उत्तर आलं, लॉगिन होत नव्हतं.

दोन ठिकाणी गाडी अडली. आधी बाईंनी वाईट विचार दाबून पाहिले, ते जास्तच आले. विचार आला का हे तपासत राहिलं की तो येतोच. नंतर त्या सगळ्यांनाच ‘असेल बिचारी दमलेली’ म्हणू लागल्या. हाही पुराव्याविना ठोकलेला अंदाजच.

वहीत एका वरिष्ठांचं नाव मात्र वेगवेगळ्या दिवशी, निवांत वेळीही, त्याच टोमण्यांसह येत राहिलं. तिथे दुरुस्ती मताची नव्हती. नोंदी घेऊन शाखाधिकाऱ्यांशी काय आणि कसं बोलायचं, याची तयारी पुढच्या सत्रात केली.