चुंबळीतला च

प्रश्न : जुन्या कथासंग्रहात ‘चुंबळ’ हा शब्द आला. मुलगी तो ‘चुंबन’मधल्या चसारखा वाचते, सासूबाई म्हणतात, ‘चुलीतला च म्हण.’ बरोबर कोण? आणि चुंबळ म्हणजे नेमकं काय? – एक वाचक भगिनी, सिन्नर

उत्तर : ताई, सासूबाईंचंच बरोबर आहे.

माझी आजी पाण्याला निघताना खांद्यावर जुन्या लुगड्याची पट्टी टाकायची. आडावर ती पट्टी पिळायची, वाटोळी गुंडाळायची, टोक आत खोचायची आणि डोक्यावर ठेवायची. ही चुंबळ. काही भागांत चुंभळ म्हणतात. तिच्यावर तांब्याचा हंडा, हंड्यावर कळशी. चुंबळीमुळे हंडा डुगडुगत नाही, टाळूला बोचत नाही, भार सगळीकडे पसरतो. घरी आल्यावर गोल बुडाची घागर कलंडू नये म्हणून तिच्याखालीही चुंबळच. आजीची ओली चुंबळ दारातल्या दोरीवर दिसली, की पाणी भरून झालं हे आम्हा पोरांना कळायचं.

आता उच्चार. जिभेचं टोक वरच्या दातांमागे टेकवा आणि त व स एका दमात म्हणा : चूल, चाक, चोर, चावडी. चुंबळ यांच्यातलीच. चुंबन, चंद्र, चरण हे संस्कृतातून जसेच्या तसे आलेले शब्द, त्यांतला च तोंडातल्या टाळूवरचा. पुढे इ, ई किंवा ए आला तरी तो टाळूवरच जातो : चिमणी, चेंडू. ‘माझा’ आणि ‘माझी’ सावकाश म्हणून बघा, झ बदललेला तुमच्याच कानाला कळेल. चार आणि चहा मात्र रोजच्या बोलण्यातले असूनही टाळूवरचे. मुलीला एक वाक्य द्या : ‘चार गाईंना चारा घाल.’ पहिला च टाळूवरचा, दुसरा दातांमागचा. हे जमलं की ‘जग जगतं’ म्हणायला सांगा, तिथेही पहिला ज टाळूवरचा, दुसरा दातांमागचा.

नळ आले, बायकांच्या मानेवरचा भार उतरला, फार चांगलं झालं. पण शब्द आता कागदावरच भेटतो, आणि कागदावर दोन्ही च सारखेच दिसतात. मला त्याचीच काळजी वाटते. सासूबाईंकडून असे शब्द वदवून फोनवर ध्वनिमुद्रित करून ठेवा, एवढी माझी कळकळीची विनंती.

प्रश्न : ‘चऱ्हाट’ हा शब्द ‘चर्-हाट’ असा तोडून म्हणायचा का? – एक विद्यार्थी, लातूर

उत्तर : नाही. चऱ्हाट म्हणजे लांब, जाड दोर. म्हणूनच न संपणाऱ्या बोलण्यालाही ‘चऱ्हाट लावलंय’ म्हणतात. ऱ आडवा, पापणीसारखा लिहिला, की आधीच्या अक्षरावर आघात येत नाही. ‘दर्या’ म्हणजे समुद्र, तिथे द वर जोर पडतो. सह्याद्रीतल्या ‘दऱ्या’ म्हणताना द हलकाच राहतो. तसंच इथे : च हलका, मग ऱ्हा एकत्र. च अर्थात चुंबळीतलाच. जेजुरीजवळून वाहणाऱ्या कऱ्हेचं नाव तिथल्या माणसांकडून ऐकलंत, की हा ऱ्ह लगेच जिभेवर बसेल.