बालीचं पाणी देवळात का ठरतं?

प्रश्न : बाली बेटावर भातखाचरांच्या पाण्याचं वेळापत्रक देवळात ठरतं म्हणे. ही श्रद्धा की सोय?

उत्तर : दोन्ही. अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ स्टीफन लान्सिंग यांनी त्यातलं गणित उलगडलं. एका पाटावरच्या शेतकऱ्यांचा संघ म्हणजे ‘सुबक’. शेजारचे सुबक जलमंदिरात बसून लावणीची वेळ ठरवतात. कापणीनंतर सगळी खाचरं एकदम पडीक राहिली, की तुडतुड्यांची नि उंदरांची उपासमार होते. एकट्याने पडीक ठेवून उपयोग नाही. कीड बांध ओलांडून शेजारी जाते. पण सगळ्यांनीच एकदम लावणी केली, तर पाणी पुरत नाही. या दोन्हींचा मेळ देवळात घालतात. पाण्याच्या वाटेवर खालच्या शेतकऱ्याला टंचाईची धास्ती, वरच्याला किडीची; म्हणून पाणी आधी मिळणारा वरचाही ऐकतो! १९७० च्या दशकात सरकारी धोरणाने सतत भात घ्यायला लावला, वेळापत्रक मोडलं आणि तुडतुडे माजले. फवारण्यांनीही ते आटोक्यात येईनात.