पलंगाखाली लपणारं पिल्लू

"मॅडम, हा मुद्दाम करतो. आम्ही बाहेर गेलो की राग काढतो. आणि चूक त्याला कळते, आम्ही आलो की पलंगाखाली लपतो."

कुत्र्याच्या पाच महिन्यांच्या पिल्लाला घेऊन ताई माझ्याकडे आल्या होत्या. चपला, सोफ्याचा कोपरा, चार्जरची वायर, सगळं कुरतडून झालं होतं. दोन-तीनदा फटकेही दिले होते. आता पिल्लू कुणाला तरी देऊन टाकावं, असं घरात चाललं होतं.

मी त्याचा ओठ उचलून लालसर हिरड्या दाखवल्या. साधारण चौथ्या महिन्यापासून 28 दुधाचे दात पडू लागतात आणि सहा-सात महिन्यांपर्यंत 42 कायमचे येतात. या दिवसांत हिरड्या शिवशिवतात, चावलं की बरं वाटतं.

तरी खात्री हवी होती. घरातून निघताना मोबाइल चालू ठेवायला सांगितलं. चित्रणात पिल्लू झोपलं, उठलं, चप्पल ओढून निवांत चघळत बसलं. रडणं नाही, दार ओरबाडणं नाही. तसं दिसलं असतं, तर एकटेपणाच्या भीतीवर वेगळं काम करावं लागलं असतं.

दुसऱ्या दिवशी त्याने काहीच चावलं नव्हतं. तरी कुलपाचा आवाज येताच ते पलंगाखाली पळालं. ते पाहून ताई गप्पच झाल्या. होरोविट्झ या संशोधिकेने 2009 मध्ये प्रयोगातून हेच दाखवलं होतं: कुत्र्याचा 'अपराधी' चेहरा चुकीवर नाही, मालकाच्या रागावण्यावर अवलंबून असतो.

मार त्याच दिवशी बंद झाला. वायरींची मला सर्वांत जास्त काळजी होती, विजेचा धक्का जिवावर बेततो. त्या आधी उचलल्या, चपला कपाटात गेल्या. एकटं असताना त्याला जाळीच्या कुंपणात, रबरी खेळण्यासोबत ठेवायचं ठरलं. घरात कुणी असेल तेव्हा ओलं करून फ्रीझरमध्ये गोठवलेलं फडकं द्यायचं. नखाने दाबून खूण उठत नाही इतकं कडक काही नको, दात तुटतात. जुनी चप्पलही नको, जुनी-नवी त्याला कशी कळणार? तोंडात नको ते सापडलं तर मागे धावायचं नाही, तो खेळ होतो. खाऊ पुढे करून अदलाबदल करायची.

दीड महिन्याने ताईंचा फोन आला. टेबलाचा एक पाय अजून अधूनमधून चावला जातो. "पण मॅडम, आता कुलूप वाजलं की तो दाराशी येतो."