वाचकांचे प्रश्न : पोलीस पाटलाची निवड आणि गावाची जनहित याचिका

प्रश्न : आमच्या गावच्या पोलीस पाटील भरतीत एका मुलीला लेखीत 80 पैकी 64 आणि तोंडीत 20 पैकी फक्त 6 गुण दिले. निवड झालेल्या उमेदवाराला लेखीत 57 आणि तोंडीत 16 आहेत. शिवाय तो राहतो तालुक्याच्या ठिकाणी. गावाने वर्गणी जमवली आहे. नागपूर खंडपीठात जनहित याचिका टाकावी का?
— एक वाचक, ता. आर्णी, जि. यवतमाळ

उत्तर : टाकू नका. ती फेटाळली जाण्याचीच शक्यता जास्त आहे आणि त्या नादात मुलीची मुदत निघून जाईल. नोकरीच्या वादात त्रयस्थाची जनहित याचिका चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्ये दुर्योधन साहू प्रकरणात सांगितलं आणि पुढेही वेळोवेळी बजावलं. हक्क बुडाला असेल तर तो त्या मुलीचा. ती स्वतः दाद मागू शकते, मग तिच्या वतीने गावाने का यावं, असंच कोर्ट विचारतं.

मुलीने स्वतःच्या नावाने अर्ज करावा, तोही हायकोर्टात नव्हे तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, म्हणजे मॅटच्या, नागपूर खंडपीठात. मुदत अंतिम आदेशापासून एक वर्ष. एकामागून एक स्मरणपत्रं दिल्याने ती वाढत नाही. खेड्यापाड्यातली चांगली प्रकरणं इथेच बुडतात. आवक शिक्क्यांच्या पोचपावत्यांनी फाइल फुगते आणि वर्ष उलटून जातं.

दोन्ही उमेदवारांचा गुणतक्ता, भरतीचा जाहीरनामा आणि निवड समितीचं इतिवृत्त माहिती अधिकारात मागा. अर्ज एकाच विषयावर, 150 शब्दांच्या आत, 10 रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून. उत्तराला 30 दिवस लागतात, म्हणून हे आजच करा. तोंडी परीक्षेच्या तक्त्यावर खाडाखोड आहे का, दुरुस्तीशेजारी सही आहे का, हे नीट पाहा. ‘गुण कमी दिले’ एवढ्यावर मॅट गुण बदलून देत नाही. नियम कुठे मोडला, ते कागदावर दाखवावं लागतं. निवड झालेल्याला प्रतिवादी करायला विसरू नका. त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय त्याची निवड रद्द होत नाही.

रहिवासाचा मुद्दा मात्र वेगळा आहे. तो पात्रतेचा आहे. कायद्याने ठरवलेली पात्रता नसताना कोणी सार्वजनिक पदावर बसला असेल, तर ‘कोणत्या अधिकाराने?’ असं विचारणारी अधिकारपृच्छा याचिका, म्हणजे को-वॉरंटो, त्रयस्थही हायकोर्टात करू शकतो. पण त्यात गुणांची तुलना होत नाही आणि जिंकलात तरी पद मुलीला मिळेलच असं नाही. मतदार यादी, रेशन कार्ड, घरटॅक्स पावती असा पुरावा हाती असेल तरच त्या वाटेने जा. हाच मुद्दा मुलीने मॅटच्या अर्जातही घ्यावा.

वर्गणी तिच्या वकिलाच्या फीसाठी खुशाल द्या. अर्जावर सही तिचीच हवी.

प्रश्न : जिल्हा परिषदेत माझी पदोन्नती डावलली. मीही मॅटमध्येच जाऊ का?
— एक वाचक, जि. चंद्रपूर

उत्तर : नाही. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. आधी कार्यालयात लेखी हरकत नोंदवा, मग हायकोर्टात स्वतःची रिट याचिका करा. अनुदानित खासगी शाळेत असता तर शाळा न्यायाधिकरणात अपील करावं लागलं असतं आणि तिथे मुदत अवघी 30 दिवस असते.