वाचकांचे प्रश्न: पोराच्या पुस्तकातला सुपरमॅन वेगळा कसा?

प्रश्न (खानापूरहून एक वाचक): मी बेळगावात कॉलेजला असताना घेतलेल्या सुपरमॅनच्या पुस्तकात त्याचे आईवडील जिवंत आहेत, लॉइसशी लग्न झालंय. पोरानं हल्ली मागवलेल्यात आईवडील वारलेत, लग्न नाही आणि हा टी-शर्ट, जीन्सवर फिरतोय. पोरगं विचारतंय, खरा कुठला? काय सांगू ओ?

उत्तर: भाऊ, तुमचा सुपरमॅन 1986 नंतरचा आणि पोराचा 2011 नंतरचा, मधे डीसीनं, म्हणजे ही पुस्तकं काढणाऱ्या कंपनीनं, सगळी गोष्टच पुन्हा पहिल्यापासून सुरू केली. असं का करतात, तर 1938 पासून चाललेली गोष्ट आहे, कितीतरी लेखक होऊन गेले, एकाचं दुसऱ्याशी जुळेना म्हणून हा सुपरमॅन एका पृथ्वीवरचा, तो दुसऱ्या, अशा वेगवेगळ्या पृथ्व्या काढल्या, मग त्याचाही गुंता झाला, शेवटी 1985-86 मधे बारा अंकांची ‘क्रायसिस’ नावाची मालिका काढून सगळं एकाच पृथ्वीवर आणलं.

1938 च्या पहिल्या अंकातला सुपरमॅन तर उडतच नव्हता बघा, नुसता लांब उड्या मारायचा. पण रात्री गव्हर्नरच्या घरात शिरून बेडरूमचं पोलादी दार उचकटून आत जातो, का तर एका निर्दोष बाईची मृत्यूची शिक्षा थांबवायची आहे. बायकोला मारणाऱ्या नवऱ्यालाही धरतो. गरिबाच्या बाजूनं उभा राहणारा हा रागीट सुपरमॅन मला फार आवडतो, आणि 2011 ला ग्रँट मॉरिसन ह्या लेखकानं जीन्सवाला आणला तो ह्याच्यावरूनच, त्यामुळं पोराचं पुस्तक नवं दिसलं तरी मूळ जुनंच आहे.

आईवडिलांचं, म्हणजे यानातून आलेल्या पोराला ज्यांनी वाढवलं त्यांचं म्हणाल तर आधीच्या गोष्टींत ते वारलेलेच असायचे, 1986 ला जॉन बर्न ह्या लेखकानं त्यांना जिवंत ठेवलं आणि माझ्या मते सगळ्या बदलांत हा सगळ्यात चांगला. त्यात क्लार्क, म्हणजे आपला सुपरमॅनच, शाळेची फुटबॉल मॅच एकटाच जिंकून देतो, सगळे डोक्यावर घेतात, वडिलांना मात्र ते रुचत नाही, ते त्याला नेऊन तो ज्यातून आला ते यान दाखवतात. पुढं सुपरमॅनचा ड्रेसही आईच शिवते. एवढी ताकद असलेला माणूस सरळ का वागतो ते तिथं कळतं, म्हणून 2011 ला आईवडील पुन्हा वारलेले दाखवले ते मला पटलं नाही, लग्न मोडलं तेही नाही.

2016 ला तुमचा लग्न झालेला सुपरमॅन परत आलाय, लॉइस आणि पोरगा जॉन यांच्यासकट. तुमच्या पोराला आधी बर्नचं ‘मॅन ऑफ स्टील’ द्या, सहाच अंक आहेत, मग थेट 2016 चं, मधलं सवडीनं वाचू दे की.